एका भूमिकेचे ऋण

नटाच्या वाट्यास येणारी विस्मृती ही काही नवी गोष्ट नव्हे. रंगभूमीवरील अभिनय पाहणाऱ्यांबरोबर लयास जावा, हा त्या कलेचा धर्मच होय. बोलपटाने मात्र या विस्मृतीस एक चमत्कारिक रूप दिले. पडद्यावरची मूर्ती अक्षय राहते आणि ती साकारणारे माणूसच तेवढे नाहीसे होते. शांताबाई हुबळीकर यांचे उदाहरण या दृष्टीने मननीय आहे.

शांताबाई मूळच्या कर्नाटकातल्या. हुबळी गावाची खूण त्यांच्या आडनावातच आहे. १९३८ साली 'माझा मुलगा' या प्रभात कंपनीच्या बोलपटात त्या चमकल्या, आणि पुढच्याच वर्षी शांतारामबापूंच्या 'माणूस'मध्ये त्यांनी मैनेची भूमिका केली. गणपत हा पोलीस शिपाई आणि मैना ही वेश्या यांच्या प्रीतीची ही कथा होय. गणपत तिला सन्मानाने घरी नेऊ पाहतो. परंतु पूर्वायुष्य तिची पाठ सोडीत नाही. अखेर छळणाऱ्या मामाचा तिच्या हातून खून होतो आणि ती तुरुंगात जाते. 'देवदास'च्या हताश प्रीतीने भारावलेल्या त्या काळात, प्रेमभंगाने माणसाने मरू नये, कर्तव्यासाठी जगावे, असे हा बोलपट सांगत होता. परंतु समाजास खरा धक्का होता तो मैनेचा. तिची कीव करावी अशी सोय दिग्दर्शकाने ठेवली नव्हती. ती हसते, टोमणे मारते, गाते. अनंत काणेकरांनी तिच्यासाठी रचलेल्या आणि मास्तर कृष्णरावांनी स्वरबद्ध केलेल्या गीतात निरनिराळ्या प्रांतांच्या भाषांतील कडवी आहेत. गिऱ्हाईक ज्या प्रांताचे, त्या प्रांताची बोली! मनोरंजनाच्या त्या पदातच तिच्या व्यवसायाचे सारे दैन्य साठविलेले आहे. मराठी ही ज्यांची जन्मभाषा नव्हे अशा शांताबाईंनी हे दैन्य हसतमुखाने गाऊन दाखविले.

युरोपातही याला जोड सापडते. डेन्मार्कचे दिग्दर्शक ड्रायर यांनी १९२८ साली जोन ऑफ आर्कच्या चौकशीवर एक फ्रेंच मूकपट काढला. त्यातील इंग्रज शिपायांच्या क्रौर्यामुळे इंग्लंडात त्यावर बंदी आली. जोन झालेली फाल्कोनेत्ती ही पॅरिसच्या रंगभूमीवरील नटी. या भूमिकेसाठी तिचे केस कापण्यात आले. तिच्या चेहऱ्यावर पंडितांनी पानेच्या पाने लिहिली. पण ती पुन्हा पडद्यावर आली नाही आणि १९४६ साली स्वदेशापासून दूर ब्वेनोस आयरेस येथे निवर्तली.

फाल्कोनेत्तीच्या वाट्यास निदान हुतात्म्याची भूमिका आली होती. शांताबाईंच्या वाट्यास आली ती वारांगनेची. शांताबाईंनी पुढेही कामे केली. परंतु लोकांस त्या आठवल्या त्या मैना म्हणूनच, आणि त्यांचे उत्तरायुष्य प्रसिद्धीपासून दूर गेले. कथेतील समाज मैनेस तिच्या भूतकाळातून सुटू देत नाही, याबद्दल प्रेक्षकगृहात हळहळणारे आपणच त्या नटीस मैनेतून सुटू देत नाही! पुण्यापासून दूर, पुलगावसारख्या गावी बसून चित्रपटाचा इतिहास वाचणाऱ्या आम्हांसही हा दोष लागू आहे. आमचीही ओळख पडद्यावरच्या मूर्तीशीच.

दोन आत्मचरित्रांची नावे या संदर्भात शेजारी ठेवून पाहावीत. दिग्दर्शकाच्या ग्रंथाचे नाव 'शांतारामा', म्हणजे स्वतःचेच. नटीने आपल्या ग्रंथास नाव दिले ते 'कशाला उद्याची बात', म्हणजे मैनेच्या गीताचे. स्वतःची कहाणी सांगतानाही त्यांना मैनेच्याच दारातून यावे लागले. १९९२ साली त्या निवर्तल्या. दिग्दर्शकाच्या प्रतिभेचे मोजमाप इतिहासकार घेतच आले आहेत. परंतु त्या प्रतिभेस आपला चेहरा आणि गळा देऊन ज्यांनी नाव गमावले, त्यांचे ऋण इतिहासाच्या खात्यावर अद्याप मांडावयाचे आहे.