सूर्यरथ, त्याची चाके आणि त्याचा सारथी

माघ शुद्ध सप्तमीस तुळशीवृंदावनापाशी रांगोळीने सात घोड्यांचा रथ रेखावा, त्यापुढे गोवऱ्यांच्या विस्तवावर दूध उतू जाऊ द्यावे, हा रथसप्तमीचा विधी आपल्या घरोघरी परिचित आहे. दुपारपर्यंत वाऱ्याने विसकटणाऱ्या या रथाचे मूळ किती प्रचंड कल्पनेत आहे, याचा मात्र विचार फारसा होत नाही.

ऋग्वेदाच्या पहिल्या मंडलातील दीर्घतमस् ऋषीच्या सूक्तात बारा आऱ्यांचे, कधीही न झिजणारे एक चक्र येते; त्यावर 720 पुत्र जोडीजोडीने उभे आहेत, म्हणजेच वर्षाचे 360 दिवस आणि तितक्याच रात्री. पुढे विष्णुपुराणाच्या दुसऱ्या अंशात या चक्राभोवती संपूर्ण रथ उभा राहिला. रथाची लांबी 9,000 योजने, आणि आस 1 कोटी 57 लाख योजनांचा! चाकाला नाभी तीन, आरे पाच आणि धावा सहा. टीकाकारांनी याची फोड केली आहे ती अशी: तीन नाभी हे दिवसाचे तीन भाग, पाच आरे ही पाच वर्षांच्या युगातील वर्षे, सहा धावा हे सहा ऋतू. घोडे सात, आणि ते म्हणजे गायत्री, बृहती, उष्णिक्, जगती, त्रिष्टुभ्, अनुष्टुभ् व पंक्ती हे छंद. असा रथ कोणी सुतार घडवू शकणार नाही, हे पुराणकारास ठाऊकच होते. कालाला आकार देण्यासाठी केवळ शब्दांनी उभारलेले हे शिल्प होय.

ते दगडात उतरविण्याचे धाडस केले उत्कलच्या गंगवंशीय नरसिंहदेवाने. त्याने तेराव्या शतकाच्या मध्यास समुद्रतीरी कोणार्क येथे संपूर्ण देऊळच रथाच्या रूपाने बांधविले. जोत्याला चोवीस चाके कोरली. एकेक चाक जवळजवळ 10 फूट व्यासाचे, त्यात आठ जाड व आठ बारीक आरे. पुढे सात घोडे. पुराणातल्या एका चाकाची येथे चोवीस का झाली? आमच्या मते शिल्पकाराच्या डोळ्यांपुढे पोथीपेक्षा उत्सवात ओढला जाणारा लाकडी रथच अधिक असावा. पुरीची रथयात्रा पाहणाऱ्या किंवा आपल्या देवस्थानांत रथाच्या दोराला हात लावणाऱ्या भाविकास हे समजावून सांगावयास नको.

चोवीस चाके म्हणजे वर्षाचे चोवीस पक्ष, आणि आठ जाड आरे म्हणजे आठ प्रहर, हा अर्थ आपल्या कालगणनेस धरून आहे. कोणी चोवीस तास म्हणतात. तेही अगदीच अग्राह्य नव्हे, कारण अहोरात्राचे चोवीस होरे आपल्या ज्योतिषास ठाऊक होते; परंतु व्यवहार चाले तो साठ घटिकांवर. तथापि ‘ही चाके म्हणजे अचूक छायायंत्रे होत’ असे जे वाटाडे कणीवर बोट धरून दाखवितात, ते आम्हास पटत नाही. बहुतेक चाके देवळाच्या उत्तर व दक्षिण अंगांस आहेत. आणि शरद-संपातापासून वसंत-संपातापर्यंत उत्तरेच्या भिंतीवर ऊन पडतच नाही. अर्धे वर्ष आंधळे राहणारे यंत्र कोण उभारील? चाके कालाची प्रतीके आहेत, एवढ्याने त्यांचे मोठेपण पुरेसे सिद्ध होते.

कालानेही या देवळास सोडले नाही. मुख्य शिखर ढासळत गेले. त्याचा उरलेला कोपरा 1848 साली वादळात कोसळला. जगमोहन तगावा म्हणून 1903 साली तो आतून वाळूने भरून बंद करण्यात आला.

या कथेत आपलाही एक भाग आहे, आणि तो लपवू नये. 1751 पासून 1803 पर्यंत ओरिसा नागपूरकर भोसल्यांच्या अमलाखाली होता. कोणार्कची पूजा तेव्हा केव्हाच बंद पडली होती. देवळासमोर एकसंध पाषाणाचा, सोळा पैलूंचा, सुमारे 34 फूट उंचीचा स्तंभ होता व त्याच्या माथ्यावर हात जोडून बसलेला अरुण. अठराव्या शतकाच्या अखेरच्या पादात मराठ्यांचे गुरू ब्रह्मचारी गोसावी यांनी तो पुरीस आणवून जगन्नाथाच्या सिंहद्वारापुढे उभा केला.

याला लूट म्हणावे की जीर्णोद्धार? ओस पडलेल्या वाळूत तो स्तंभ राहता, तर शिखराबरोबर त्याचेही तुकडे झाले नसते कशावरून? आज तो उभा आहे, पूजिला जातो, याचे श्रेय त्या गोसाव्यास दिलेच पाहिजे. पण रथाचा सारथी रथापासून तोडला गेला, हेही तितकेच खरे. आणि तो आपल्याच माणसांनी तोडला. आम्हास दोन्ही गोष्टी एकदम मान्य कराव्या लागतात.

अरुणाची कथा वाचकांस स्मरत असेल. विनतेने पाचशे वर्षे वाट पाहिली आणि धीर सुटून अंडे वेळेपूर्वी फोडले. म्हणून तो मांड्यांविना जन्मला. कालाची घाई सोसलेला हा देह कालाच्याच रथावर सारथी म्हणून बसविण्यात आला. पुरीस बावीस पायऱ्या चढण्यापूर्वी यात्रेकरू त्याच्याच स्तंभापाशी क्षणभर थांबतात. तिकडे कोणार्कास, माघ सप्तमीच्या पहाटे चंद्रभागेत स्नान करून हजारो लोक उगवत्या सूर्यास अर्घ्य देतात.