लायसन्स, बिल्ला आणि शाळेचा दाखला

कल्याण स्टेशनबाहेर रिक्षात बसलात तर चालकाच्या खाकी शर्टाकडे पाहा. नियमाने चालणारा असेल तर खिशावर बिल्ला दिसेल. हा बिल्ला मोटारीपेक्षा जुना आहे. लंडनमध्ये भाड्याची घोडागाडी हाकणाऱ्याने नंबरचा बिल्ला लावावा असा कायदा १८३८ मध्ये झाला. मुंबईत भाड्याच्या गाड्यांसाठी १८६३ चा कायदा आला आणि व्हिक्टोरियावाल्याला परवाना लागू लागला. कार्ल बेन्झने आपल्या मोटारीचे पेटंट घेतले ते १८८६ मध्ये. म्हणजे सरकारने परवाना आधी मागितला तो पोटासाठी दुसऱ्याची ने-आण करणाऱ्याकडे. हौशीने स्वतःची गाडी हाकणाऱ्या साहेबाला बराच काळ कुणी काही विचारले नाही.

मोटार रस्त्यावर आल्यावर त्यालाही विचारणे भाग पडले. पॅरिसमध्ये १८९३ मध्ये पोलिसांनी मोटार चालवणाऱ्यांवर परवान्याची सक्ती केली. ब्रिटनने १९०३ चा कायदा केला, पण तिथली गंमत अशी की लायसन्स मिळायचे पाच शिलिंग भरून, परीक्षा नाहीच. गाडी चालवता येते की नाही हे पाहण्याची सक्तीची चाचणी ब्रिटनमध्ये १९३५ मध्ये सुरू झाली. तोपर्यंत बत्तीस वर्षे लायसन्स म्हणजे फक्त नोंद आणि पावती.

मुंबई इलाख्याने मोटारींसाठी स्वतःचा कायदा १९०४ मध्ये केला. प्रांतोप्रांती वेगवेगळे कायदे झाल्यावर १९१४ मध्ये सगळ्या हिंदुस्थानासाठी एक कायदा आला आणि त्यात अठरा वर्षांखालच्या माणसाने सार्वजनिक ठिकाणी मोटार चालवू नये असे लिहिले गेले. आज आपण मुलांना सांगतो ती अठराची अट शंभर वर्षांहून जुनी आहे.

मला सर्वांत विचार करायला लावतो तो १९३९ चा मोटार वाहन कायदा. त्याच्या तिसऱ्या कलमात लायसन्सशिवाय गाडी चालवू नये हे आहेच, पण पुढे असेही आहे की पगारी नोकर म्हणून गाडी चालवायची असेल किंवा वाहतुकीचे वाहन चालवायचे असेल तर लायसन्सवर तसे स्पष्ट लिहिलेले हवे. गाडी तीच, रस्ता तोच, स्टीअरिंग तेच. मालक बसला तर एक लायसन्स, त्याचा ड्रायव्हर बसला तर त्याच लायसन्सवर आणखी एक ओळ. कायदा करणाऱ्यांच्या मनात भीती असेल की पगारी माणूस दिवसभर गाडी चालवतो, थकतो, परक्या माणसांचा जीव त्याच्या हातात असतो. ती भीती खोटी नव्हती. पण हा पगारी माणूस कोण होता? ठाणे-कल्याण भागात तो बहुधा तांगा सोडून मोटारीकडे वळलेला, शाळेत दोन-चार वर्षे गेलेला किंवा न गेलेला माणूस होता. कायद्याने कागद त्याच्याकडेच जास्त मागितले, आणि कागद सर्वांत कमी त्याच्याकडेच होते.

१९८८ चा कायदा १ जुलै १९८९ पासून लागू झाला. आज आपण ज्याला लायसन्सची पद्धत म्हणतो ती बहुतेक त्यातली. आधी शिकाऊ लायसन्स, ते सहा महिने चालते. ते मिळाल्यावर तीस दिवस पूर्ण झाल्याशिवाय पक्क्या लायसन्सची चाचणी देता येत नाही. शिकाऊ लायसन्ससाठी वाहतुकीच्या नियमांवर आणि खुणांवर प्रश्न असतात आणि साठ टक्के बरोबर यावे लागतात. आपल्याकडे पंधरापैकी नऊ. त्रिकोणात सावधानतेची खूण, गोलात सक्तीची, चौकोनात माहितीची, एवढे डोक्यात पक्के असेल तर निम्मी परीक्षा तिथेच पार पडते. मी वर्गात भूमितीचे आकार शिकवताना हीच उदाहरणे देते. मुले एरवी त्रिकोण विसरतात, हा विसरत नाहीत.

वाहतूक वाहनासाठी वय वीस, हलक्या वाहनाचे लायसन्स किमान एक वर्ष जुने आणि डॉक्टरांचे प्रमाणपत्र. पगारी नोकराची ती जुनी ओळ या कायद्यात गेली, वाहतूक वाहनाची मात्र राहिली. तीही पुढे सैल झाली. सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये आणि मग घटनापीठाने नोव्हेंबर २०२४ मध्ये सांगितले की साडेसात हजार किलोपर्यंतच्या हलक्या वाहनाचे लायसन्स असणाऱ्याला त्याच वजनातले वाहतूक वाहन चालवायला लायसन्सवर वेगळी नोंद लागत नाही. १९३९ च्या त्या ओळीचा प्रवास असा पंच्याऐंशी वर्षांचा झाला.

आता माझ्या धंद्याकडे येते. मी उर्दू माध्यमाच्या शाळेत उर्दू आणि मराठी शिकवते. लायसन्सशी माझा संबंध काय? वयाचा पुरावा. आधार कार्डाच्या आधीच्या काळात बहुतेकांकडे वयाचा पुरावा एकच असायचा, शाळा सोडल्याचा दाखला. घरी बाळंतपण, जन्माची नोंद केलेली नाही, म्हणून शाळेत नाव घालताना मामा किंवा शेजारी जी तारीख सांगेल ती रजिस्टरात. जुनी जनरल रजिस्टरे उघडली तर १ जूनला जन्मलेल्या मुलांची रांगच्या रांग दिसते. मुले खरोखर एका दिवशी जन्मली नव्हती. शाळा जूनमध्ये सुरू होते आणि मुलाला सहा वर्षे पुरी झालेली दाखवायची असतात, म्हणून १ जून. तीच तारीख पुढे लायसन्सवर, पासपोर्टवर आणि एक दिवस पेन्शनच्या कागदावर जाते.

तारखेपेक्षा नावाचा घोळ मोठा. उर्दूत एकच शब्द आहे, म्हणजे मीम-हे-मीम-दाल. देवनागरीत आणला की मोहम्मद, मोहंमद, मुहम्मद, महंमद असे चार होतात आणि इंग्रजीत त्याहून जास्त. कुणी नुसते ‘मो.’ लिहून टाकतो. शेख, शैख. कादरी, क़ादरी, कादिरी. उर्दू वाचणाऱ्याला हे सारे एकच, संगणकाला प्रत्येक माणूस वेगळा. जून २०२१ पासून महाराष्ट्रात शिकाऊ लायसन्स आधारच्या मदतीने घरबसल्या मिळू लागले आणि रांग वाचली हे खरेच, मी त्याचे स्वागतच करते. पण आधारवर एक नाव, दाखल्यावर दुसरे आणि बँकेत तिसरे असेल तर माणूस फिरून शाळेतच येतो. वर्षातून पाच-सहा जण तरी येतात. पंचवीस-तीस वर्षांपूर्वी शाळा सोडलेले असतात, हातात जुना जीर्ण दाखला. “टीचर, एक काना काढून द्या ना.” दाखल्यावरचा काना असा कुणी काढू शकत नाही. नावातल्या दुरुस्तीची रीत आहे, प्रतिज्ञापत्र आहे, शिक्षण खात्याची मंजुरी आहे. म्हणून मी आता पहिलीच्या पालकांना नाव लिहून घेताना तिन्ही लिप्यांत लिहायला लावते आणि सांगते, हेच शेवटपर्यंत वापरा. त्यांना वाटते बाई उगाच खोळंबा करते.

शाळेचा लायसन्सशी याहून सरळ संबंधही काही वर्षे होता. केंद्रीय मोटार वाहन नियमांतला आठवा नियम म्हणायचा की वाहतूक वाहन चालवायचे तर माणूस आठवी पास हवा. कागदावर हे शहाणपणाचे दिसते. रस्त्यावरच्या पाट्या वाचता याव्यात, अपघात झाला तर अर्ज लिहिता यावा. पण ट्रक वीस वर्षे चालवलेला माणूस सातवीत शाळा सुटली म्हणून बाद, आणि आठवीचा कागद आहे पण क्लच कशाशी खातात हे ठाऊक नाही तो पात्र. त्यात २००९ च्या शिक्षण हक्क कायद्याने आठवीपर्यंत कुणाला नापास करायचे नाही असे ठरवले. मग आठवी पास म्हणजे आठवीपर्यंत शाळेत नाव होते एवढाच अर्थ उरला. हे शिक्षिकेने लिहू नये, पण ते तसे आहे.

ही अट गेली ती हरियाणातल्या मेवातमुळे. मेवात हा मेव मुसलमानांचा गरीब भाग. तिथली कितीतरी घरे ड्रायव्हरकीवर जगतात आणि शाळेचे प्रमाण फार कमी. हरियाणा सरकारने केंद्राला सांगितले की या लोकांना गाडी येते, पण कागद नाही. जून २०१९ मध्ये केंद्राने अट काढण्याचे जाहीर केले आणि सप्टेंबरमध्ये नियम वगळला. देशात सुमारे बावीस लाख ड्रायव्हरांची गरज आहे, हेही कारण त्या वेळी दिले गेले. त्याच घोषणेत असे म्हटले होते की आता भर चाचणीवर आणि प्रशिक्षणावर हवा. अट गेली ही बातमी मुंब्र्या-भिवंडीपर्यंत पोचली. भर प्रशिक्षणावर हवा, हे वाक्य मी वर्तमानपत्रातच वाचले.

राहिली भाषा. त्यासाठी तीन कागद वेगळे करावे लागतात, कारण वादात लोक ते एकत्र कालवतात. लायसन्स म्हणजे गाडी चालवण्याची परवानगी. बिल्ला म्हणजे प्रवासी नेण्याची. परमिट म्हणजे ती रिक्षा भाड्याने धंद्यावर लावण्याची. भाषेचा वाद बिल्ला आणि परमिटचा आहे. साधे लायसन्स घेणाऱ्याला कुणी मराठी येते का विचारत नाही.

जानेवारी २०१० मध्ये मुंबईच्या टॅक्सी परमिटांसाठी पंधरा वर्षांचे वास्तव्य आणि मराठी अशी अट राज्य मंत्रिमंडळाने घातली. दुसऱ्याच दिवशी मुख्यमंत्री अशोक चव्हाणांनी खुलासा केला की हिंदी किंवा गुजराती येत असली तरी चालेल. पुढे दिवाकर रावते परिवहन मंत्री असताना रिक्षा परमिटसाठी मराठीची अट आली आणि फेब्रुवारी २०१६ च्या परिपत्रकाने ती पक्की केली. मार्च २०१७ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने ते परिपत्रक रद्द केले.

२०१६ चे ते काही महिने मला चांगले आठवतात. परमिटसाठी अर्ज केलेल्यांकडून मराठी वाचून घेतात असे कळले आणि आमच्या मोहल्ल्यात धावपळ सुरू झाली. आम्ही दोन-तीन शिक्षकांनी संध्याकाळी मगरिबनंतर तासभर वर्ग घेतला. दिवसभर रिक्षा चालवून आलेली माणसे, बोटांना ऑइल, समोर पहिलीचे पुस्तक. पहिल्या आठवड्यातच एक गोष्ट लक्षात आली. यातल्या निम्म्या लोकांना मराठी येत होती. अस्सल येत होती. कल्याण, भिवंडी, ठाण्याची जुनी कोकणी मुसलमान घरे आहेत ही. घरात कोकणी बोलतात, जी मराठीचीच बोली. पण शाळा उर्दूची. त्यामुळे भाऊबंदकीचे भांडण मराठीत करणारा माणूस मराठीचे पान वाचताना अडखळत होता. एका चाचांनी तर वैतागून मला अशा ठसकेबाज मराठीत सुनावले की मी म्हटले, चाचा, तुमचा तोंडी पेपर झाला, शंभरपैकी शंभर. अडचण अक्षरांची होती. डोळ्यांना उजवीकडून डावीकडे जायची सवय. ण आणि न, ळ आणि ल. च चमच्यातला आणि च चारातला हे तोंडाला माहीत, पण दोन्हीला अक्षर एकच कसे, हे डोळ्यांना पटेना.

माझे मत विचाराल तर प्रवाशाची भाषा चालकाला यावी. डोंबिवलीतल्या म्हाताऱ्या आजींना छातीत कळ येत असेल तर त्या ती मराठीतच सांगणार. मी मराठी शिकवूनच पोट भरते, तिला कमी लेखणारी मी नाही. पण ज्या राज्यात प्रौढांसाठी मराठीचा संध्याकाळचा वर्ग शोधून सापडत नाही, तिथे थेट परीक्षा ठेवणे मला अन्यायाचे वाटते. निकाल लागला आणि पुढच्या आठवड्यात वर्गात चार जण उरले. त्या चौघांना परमिटची गरज नव्हती. त्यातल्या एकाला मुलीच्या वहीवर सही करण्याआधी त्यात काय लिहिले आहे ते वाचायचे होते.

त्याच वर्षी ठाण्यात अबोली रंगाच्या रिक्षा आल्या, बायकांनी चालवायच्या. परमिटांत पाच टक्के बायकांसाठी राखून ठेवली होती. त्या रिक्षा पाहिल्यापासून आमच्या शाळेच्या फाटकावर मुलांना न्यायला येणाऱ्या आयांचे बोलणे बदलले. पुढे जून २०१८ मध्ये सौदी अरेबियाने बायकांना लायसन्स दिले तेव्हा ते आणखी रंगले. “तिकडे चालते मग इकडे का नाही?” असे घरी विचारायला त्यांना आता मक्का-मदिनेच्या देशाचे उदाहरण मिळाले होते. आपल्या देशात कायद्याने बाईला कधीच अडवले नव्हते, १९१४ मध्येसुद्धा नाही. ते अडवणे घरातले होते.

यंदा त्यातल्या तिघींनी स्कूटरचे शिकाऊ लायसन्स काढले. दीडशे रुपये लायसन्सचे, पन्नास चाचणीचे. एकीची परीक्षा पहिल्या फटक्यात झाली, पंधरापैकी तेरा. दुसरीची दुसऱ्या वेळी. तिसरीचा अर्ज अडकला आहे. आधारवर लग्नानंतरचे नाव, दाखल्यावर माहेरचे, आणि दाखला आमच्याच शाळेचा, १९९८ चा. रजिस्टर काढून पाहिले. जन्मतारीख १ जून.