‘अंकुराची वाढ’ : चलत्प्रतिमा आणि विचार

दादासाहेब फाळके यांचा ‘अंकुराची वाढ’ (१९१२) हा लघुपट चित्रपटेतिहासात सामान्यतः ‘राजा हरिश्चंद्र’च्या (१९१३) नांदीपुरता उल्लेखिला जातो. लंडनहून आणलेल्या कॅमेऱ्याने फाळके यांनी वाटाण्याच्या रोपाची ठरावीक अंतराने एकेक चौकट टिपली. या चित्रणाच्या बळावर भांडवल मिळून कथाचित्रपट शक्य झाला, अशी ही मांडणी. ती वस्तुस्थितीला धरून असली, तरी तिच्यामुळे लघुपटाने उपस्थित केलेला ज्ञानविषयक प्रश्न दुर्लक्षित राहतो.

वाढ ही घटना मुळात डोळ्यांना दिसत नाही. अकोला-अमरावतीच्या काळ्या जमिनीत कपाशी पेरणारा शेतकरी आजच्या रोपाची आठवड्यापूर्वीच्या रोपाशी मनोमन तुलना करतो आणि पीक वाढल्याचे ठरवतो. म्हणजे ‘वाढ’ हे स्मृतीच्या आधाराने केलेले अनुमान होय. बुद्धी प्रवाही वास्तवाचे स्थिर तुकडे पाडते व ते चित्रपटाप्रमाणे पुन्हा जोडते, असा आक्षेप आंरी बर्गसाँने १९०७ मध्ये घेतला होता. फाळक्यांच्या लघुपटाला तो अधिकच लागू पडतो. दोन चौकटींमधला बहुतांश काळ तेथे चित्रितच झालेला नाही. तथापि प्रेक्षकाला तुकडे दिसत नाहीत, माती सारून वर येणारा अंकुर दिसतो. जे अनुमानाने जाणायचे ते येथे प्रत्यक्षाच्या कक्षेत येते.

अग्रक्रमाचा दावा येथे अभिप्रेत नाही. पर्सी स्मिथ यांनी इंग्लंडमध्ये १९१० मध्येच फुलांचे उमलणे याच रीतीने चित्रित केले होते. महत्त्व आहे ते पुढील वाटांना. फ्रान्समधील अव्हाँ-गार्द चित्रपटकार जर्मेन द्यूलाक यांनी १९२८ मध्ये नर्तिकेच्या हालचालींशेजारी अंकुरणारी रोपे ठेवली. जाँ एप्स्टीन यांनी १९४६ च्या ग्रंथात यंत्राच्या या कालक्रीडेलाच विचाराचा दर्जा दिला. फाळके मात्र पुराणकथेकडे वळले.

परंतु हे वळण म्हणजे विच्छेद नव्हे. देवतेचे अकस्मात प्रकट होणे कॅमेरा थांबवून साधले जाते. तेथेही दोन चौकटींमधला काळ गाळलेलाच असतो. चमत्कारात हा लोप अशक्याचा आभास निर्माण करतो, अंकुरात तो अदृश्य वास्तव उघड करतो. तंत्र एकच, ज्ञानात्मक फलित मात्र परस्परविरुद्ध. कथनमीमांसेत कथेचा काळ आणि निवेदनाचा काळ यांतील अंतराची चर्चा करताना मराठी समीक्षेला हा लघुपट म्हणूनच केवळ प्रस्तावना मानून चालणार नाही.