रॉबर्ट टेलर : 'पहिला' म्हणजे नक्की कोण?

'एक होता कार्व्हर' वाचलेल्यांना अलाबामातलं टस्कीगी नवं नाही. कार्व्हर तिथे १८९६ मध्ये पोचले. त्याआधी चार वर्षं तिथे एक तरुण आर्किटेक्ट शिकवायला लागला होता, रॉबर्ट रॉबिन्सन टेलर. त्याच्याबद्दल आपल्याकडे फारसं कुणी बोलत नाही.

जन्म १८६८, विल्मिंग्टन, नॉर्थ कॅरोलिना. १८८८ ला एमआयटीत प्रवेश, १८९२ ला पदवी. मग बुकर टी. वॉशिंग्टन यांच्या बोलावण्यावरून टस्कीगी.

टेलर यांची ओळख बरेचदा 'अमेरिकेतले पहिले कृष्णवर्णीय आर्किटेक्ट' अशी करून दिली जाते. संशोधनाची तयारी करणाऱ्यांनी इथेच थांबायला हवं. टेलर यांचे वडील हेन्री गुलामगिरीत जन्मलेले आणि पेशाने सुतार, बांधकाम करणारे. मुलगा आधी त्यांच्याच हाताखाली शिकला. दक्षिणेतल्या कितीतरी हवेल्या गुलाम गवंड्यांनी आणि सुतारांनी उभ्या केल्या, पण कागदावर नाव मालकाचं. म्हणून नेमका दावा असा : आर्किटेक्चरचं विद्यापीठीय शिक्षण घेतलेले, आपल्याला माहीत असलेले पहिले कृष्णवर्णीय. वाक्य लांबतं, मान्य. पण 'विद्यापीठीय' हा एक शब्द गाळला की हेन्री आणि त्यांच्यासारखे सगळेच इतिहासातून गायब!

टस्कीगीत हा गुंता आणखी वाढतो. १८९८ मध्ये पूर्ण झालेल्या चॅपलचा आराखडा टेलर यांचा, पण विटा पाडल्या, भाजल्या, रचल्या त्या विद्यार्थ्यांनी. मग इमारत कुणाची म्हणायची? माझ्या मते, हा प्रश्न टेलर यांना कळत होता. त्यांनी तिथे वास्तुरेखनही शिकवलं, म्हणजे वीट रचणाऱ्या पोराला नकाशाही काढता यावा. १९११ मध्ये एमआयटीच्या पन्नाशीच्या समारंभात त्यांनी निबंध वाचला, तोही स्वतःच्या इमारतींवर नव्हे. एमआयटीची शिस्त आणि विचारपद्धत टस्कीगीत कशी नेली यावर ते बोलले.

मधली काही वर्षं क्लीव्हलंडमध्ये काढून ते परतले आणि १९३२ ला निवृत्त झाले. १९४२ च्या डिसेंबरमध्ये त्याच चॅपलमध्ये ते कोसळले आणि गेले. चॅपल १९५७ मध्ये जळालं. आता तिथे आहे ते पॉल रुडॉल्फ यांच्या आराखड्याचं, १९६९ चं. टेलर यांचं काम बघायचं तर वॉशिंग्टन यांचं घर, 'द ओक्स', अजून उभं आहे. त्याच्याही विटा विद्यार्थ्यांच्याच.