नेमणूक करणारा आणि बडतर्फ करणारा

मंडळी, सरकारी नोकराला बडतर्फ कोण करू शकतो, या एका प्रश्नाचा इतिहास आज आपण पाहणार आहोत. प्रश्न वरवर कारकुनी वाटतो. सही कुणाची, एवढंच ना? पण त्या सहीवर एका माणसाची नोकरी, पेन्शन आणि अब्रू अवलंबून असते.

सुरुवात करू ‘मर्जी’पासून. इंग्लंडच्या कायद्यात राजाचा नोकर राजाची मर्जी असेपर्यंतच नोकर. कंपनीचं राज्य गेलं, राणीचं आलं, आणि हे तत्त्व आपल्याकडेही लागू राहिलं. मग १९१९ च्या भारत सरकार कायद्यात कलम ९६-ब आलं. त्यात मर्जी कायम ठेवली, पण तिला एक अट घातली: ज्याने नेमणूक केली, त्याच्याहून खालच्या अधिकाऱ्याने बडतर्फ करायचं नाही.

ही अट किती पक्की, हे ठरलं मद्रासच्या दोन माणसांमुळे. दोघांचे निकाल प्रिव्ही कौन्सिलने दिले आणि ते १९३७ च्या निकालसंग्रहांत शेजारीशेजारी सापडतात. पहिला, व्यंकट राव, सरकारी छापखान्यातला मुद्रितशोधक. त्याचं म्हणणं असं की नियमांत सांगितलेली चौकशी माझ्या बाबतीत झालीच नाही. न्यायाधीशांनी सांगितलं, नियम पाळायलाच हवे होते. पण ते मोडले म्हणून कोर्टात दावा चालणार नाही. दाद मागायची ती वरिष्ठांकडेच.

दुसरा रंगाचारी, पोलीस सब-इन्स्पेक्टर. त्याला १९२८ साली बडतर्फ केलं ते इन्स्पेक्टर जनरलहून खालच्या अधिकाऱ्याने. सरकारची बाजू अशी की हा अधिकार खाली सोपवता येतो. प्रिव्ही कौन्सिलने ते मानलं नाही. हे संरक्षण नियमात नाही, खुद्द कायद्याच्या कलमात आहे. अधिकार असा खाली सोपवू दिला तर संरक्षण उरेलच काय? म्हणून ती बडतर्फी बेकायदा ठरली.

इथे आपण जरा थांबू. व्यंकट रावाची तक्रार माणूस म्हणून आपल्याला जास्त मोठी वाटते: माझं ऐकूनच घेतलं नाही! रंगाचारीची तक्रार तांत्रिक. तरी जिंकला रंगाचारी. कारण त्याचा हक्क कायद्यात लिहिलेला होता, रावाचा नुसत्या नियमात. हक्क कुठे लिहिलाय, यावर त्याचं बळ ठरतं, हा धडा त्या वेळच्या सगळ्या नोकरवर्गाने घेतला असणार.

१९३५ च्या कायद्यात ही उणीव भरून निघाली. कलम २४० मध्ये दोन्ही गोष्टी आल्या: खालच्या अधिकाऱ्याने काढायचं नाही, आणि कारण दाखवण्याची वाजवी संधी द्यायची. आय. सी. एस. अधिकारी आय. एम. लाल यांना १९४० मध्ये सेवेतून काढलं होतं. त्यांच्या खटल्यात १९४८ साली प्रिव्ही कौन्सिलने ही संधी खरी असली पाहिजे, हे स्पष्ट केलं. मग आपल्या संविधानात तेच अनुच्छेद ३१० आणि ३११ झाले. मर्जी ३१० मध्ये, तिला लगाम ३११ मध्ये. ‘बडतर्फ’ला जोडून ‘सेवेतून काढून टाकणे’ हे शब्दही आले, म्हणजे पळवाट बुजली.

आता नेहमीचा गैरसमज. नेमणूक करणाऱ्यानेच काढलं पाहिजे, असं ३११ म्हणत नाही. त्याच्याहून खालचा नको, एवढंच म्हणतं. बरोबरीच्या दर्जाचा अधिकारी चालतो, हे सर्वोच्च न्यायालयाने महेश प्रसाद खटल्यात १९५४ सालीच सांगितलं. चौकशी खालच्या अधिकाऱ्याने सुरू केली तरी ३११ आड येत नाही, हे १९६९ च्या शार्दूल सिंह निकालात आलं. पण सेवानियम त्याहून कडक असू शकतात. २०१३ च्या गोपीनाथ निकालात न्यायालय म्हणालं, नियमानुसार दोषारोपपत्राला शिस्तभंगविषयक प्राधिकाऱ्याची मंजुरी लागत असेल, तर ती नसलेलं दोषारोपपत्र टिकत नाही. म्हणून आपल्याकडे महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ सुद्धा ३११ च्या जोडीने वाचावे लागतात. आणि महामंडळाचा कर्मचारी असेल, तर ३११ त्याला नाहीच.

शेवटचा मुद्दा. ३११ च्या दुसऱ्या खंडाला अपवाद आहेत. फौजदारी शिक्षा झाली असेल, चौकशी व्यवहार्य नसेल, किंवा राज्याच्या सुरक्षिततेचा प्रश्न असेल, तर चौकशीशिवाय काढता येतं. १९८५ च्या तुलसीराम पटेल निकालाने ते उचलून धरलं, आणि त्यावर टीकाही पुष्कळ झाली. पण पहिल्या खंडाला यातला एकही अपवाद लागत नाही. चौकशी टळू शकते, योग्य अधिकारी टळत नाही.

असं का? आपल्याला वाटतं, त्यामागे एक साधी समज आहे. रोजच्या कामात ज्याच्याशी खटके उडतात, तो बहुतेक जवळचाच साहेब असतो. त्याच्या हातात शेवटची सही असू नये. ती करणारा थोडा लांबचा, थोडा वरचा असावा, म्हणजे राग निवायला वेळ मिळतो. व्यंकट राव हरला त्या दिवशीही रंगाचारीला वाचवलं ते या अंतराने. म्हणून आदेश हातात पडला, तर आधी खालची सही आणि पदनाम बघा. मजकूर नंतर वाचू.