स्पाइस ते ई-सिम : सिम्युलेटरच्या खुल्या दाराचा इतिहास

१/ एप्रिल १९७३. कॅनडातील वॉटर्लू येथील परिषदेत बर्कले विद्यापीठाच्या ‘स्पाइस’ या आज्ञावलीवरील निबंध सादर झाला. सर्किट प्रत्यक्ष जोडण्याआधी ते संगणकावर चालवून पाहणे तिने सुलभ केले.

२/ तिचे कर्ते लॉरेन्स नेगल, मार्गदर्शक डोनाल्ड पेडरसन. ही आज्ञावली सर्वांना खुली असावी, हा पेडरसन यांचा आग्रह. त्यामुळेच तिचा वंश वाढला. आजचे ‘एनजीस्पाइस’ त्याच वंशातले.

३/ १९८० मध्ये इंटेलचा ८०५१ आला आणि नवा पेच उभा राहिला. रोधकाचे वर्तन एका समीकरणात मावते. मायक्रोकंट्रोलरचे वर्तन मात्र त्यात भरलेल्या प्रोग्रॅमवर ठरते. तीच चिप कधी दिवा लावते, कधी मोटर फिरवते.

४/ म्हणून अशा चिपच्या लायब्ररीत दोन गोष्टी लागतात : आकृतीतले चिन्ह व त्याच्या पिना, आणि प्रोग्रॅम वाचून त्याप्रमाणे वागणारे प्रारूप. नुसते चिन्ह आणले, तर चिप पडद्यावर दिसते. सिम्युलेशन मात्र होत नाही. बाहेरची लायब्ररी जोडताना नवखे येथेच अडखळतात.

५/ ब्रिटनमधील लॅबसेंटरच्या ‘प्रोटिअस’ने हे काम सोपे केले : चिप निवडा, हेक्स फाइल द्या, सर्किट चालवा. पण हे सॉफ्टवेअर परवान्याचे आणि त्याचा गाभा बंद.

६/ मुंबईत पवईच्या आयआयटीतील ‘फॉसी’ प्रकल्पाने दुसरी वाट धरली. केंद्र सरकारच्या साहाय्याने तेथे ‘ऑस्कॅड’ घडले. तेच पुढे ‘ई-सिम’ या नावाने ओळखले गेले. आकृतीसाठी कायकॅड, गणितासाठी एनजीस्पाइस, अशी मुक्त साधने त्यात एकत्र आली.

७/ त्यातील ‘एनजीएचडीएल’ हे दार महत्त्वाचे. चिपचे वर्तन व्हीएचडीएल भाषेत लिहायचे. ‘जीएचडीएल’ ते चालवते आणि एनजीस्पाइसशी सतत संवाद साधते. एव्हीआर कुळातील एटीटायनी चिप याच मार्गाने ई-सिममध्ये आली.

८/ नाशिकच्या विद्यार्थ्याला याचे मोल काय? हवी ती चिप यादीत नसेल, तर कंपनीची वाट पाहावी लागत नाही. प्रारूप स्वतः लिहिता येते, तपासता येते, इतरांना देता येते. पेडरसन यांनी उघडे ठेवलेले दार अजून उघडेच आहे.