चांदीच्या भावाचा चीक

इ.स.पू. ४९. यादवी युद्धाच्या तोंडावर ज्युलियस सीझरने रोमचा सरकारी खजिना उघडला. सोन्याचांदीबरोबर त्याने दीड हजार रोमन पौंड, म्हणजे सुमारे ४९० किलो, वाळलेला चीकही बाहेर काढला, असे थोरल्या प्लिनीने नोंदवले आहे. झाडाचा चीक खजिन्यात ठेवावा, एवढे त्याचे मोल होते. तो चांदीच्या भावाने विकला जाई.

हा चीक सिल्फियमचा. आजच्या लिबियातील किरीनी या ग्रीक वसाहतीच्या परिसरात ही वनस्पती उगवे. तिच्या व्यापारावर शहर श्रीमंत झाले. तिथल्या नाण्यांवर तिचेच चित्र असे. देठाला व मुळाला चिरा देऊन चीक काढत. खोकल्यापासून अपचनापर्यंत वैद्य तो देत, आचारी मांसा-माशांत घालत. आपिकियसच्या नावावरील पाककृतींच्या ग्रंथात तो पुरवून वापरण्याची युक्तीही आहे: चीक चिलगोज्यांसारख्या बियांच्या बरणीत ठेवावा आणि स्वयंपाकात वास लागलेल्या बियाच वापराव्यात.

अडचण अशी, की सिल्फियम लावून येत नसे. नांगरटीच्या जमिनीपासून ती दूर पळते, असे थिओफ्रास्टसने लिहिले आहे. म्हणूनच किरीनीत मुळे किती कापावीत याचे नियम होते. पुढे रोमन अमलात कुरणे मक्त्याने दिली गेली. मक्तेदारांना चिकापेक्षा मेंढ्यांत अधिक नफा दिसला आणि त्यांनी गुरे मोकळी सोडली, हे कारण प्लिनी देतो. त्याच्या आठवणीत एकच देठ सापडला. तो नवल म्हणून सम्राट नीरोकडे पाठवण्यात आला.

रोमन स्वयंपाकघरांनी मग इराणकडून येणारा हलका चीक पत्करला. तोच आपला हिंग. अलेक्झांडरच्या सैनिकांनाही हिंदुकुशात तशीच वनस्पती भेटली होती आणि तिला ते सिल्फियमच म्हणत. अस्सलाच्या जागी आलेला हा पर्याय आपल्या फोडणीत मात्र मानकरी आहे. तोही परदेशातूनच येतो. भारतात लागवडीचा प्रयत्न २०२० साली लाहौलच्या खोऱ्यात सुरू झाला.

तुर्कस्तानात सापडलेली एक वनस्पती म्हणजेच सिल्फियम असावे, असे तिथले संशोधक महमूत मिस्की यांनी २०२१ साली मांडले. ते अद्याप सिद्ध झालेले नाही. प्लिनीची नोंद मात्र स्पष्ट आहे. वनस्पतीची किंमत रोममध्ये सर्वांना ठाऊक होती; पण ती किंमत खजिन्यातल्या चिकाची होती. ज्या माळावर ती उगवत होती, त्या माळाचा हिशेब मेंढ्यांच्या भावाने होत होता.